ओल्ड हॉस रॅडबर्न : ५० फुटांवरचा एक हंगाम

नमस्कार मंडळी. बेसबॉल क्रिकेटच्या मापाने मोजू नये म्हणतात. आज थोडा मोजूच, आपल्या डोळ्यांना तीच सवय आहे.

साल १८८४. ऱ्होड आयलंडमधलं प्रॉव्हिडन्स शहर, संघाचं नाव ग्रेज. त्यांचा पिचर (आपल्या भाषेत गोलंदाज) चार्ल्स रॅडबर्न, टोपणनाव ‘ओल्ड हॉस’, म्हणजे म्हातारा घोडा. वय अवघं २९! इलिनॉयमधल्या ब्लूमिंग्टनला वाढलेला, खाटीककाम केलेला, उंची पाच फूट नऊ इंच. त्या एका हंगामात त्याचे ५९ विजय आणि १२ पराभव (सामन्याचा निकाल एका पिचरच्या नावावर लिहितात). इनिंग (पिचरच्या हिशेबात एक इनिंग म्हणजे तीन गडी बाद) ६७८ आणि वर दोन तृतीयांश, म्हणजे त्याच्या गोलंदाजीवर २,०३६ गडी बाद झाले. सुरू केलेले ७३ सामने, आणि ७३च्या ७३ त्यानेच संपवले. हल्ली कुणी वर्षात २०० इनिंग टाकल्या तरी कौतुक होतं.

हे जमलं कसं, ते समजायला आधी मैदान बघा. तेव्हा पिचरसाठी उंचवटा नव्हता, रबरी पट्टीही नव्हती. सपाट जमिनीवर चार फूट रुंद आणि सहा फूट लांब चौकोन आखायचे. त्याची पुढची रेघ होम प्लेटपासून, म्हणजे फलंदाजाच्या जागेपासून, ५० फुटांवर. त्या चौकोनातल्या चौकोनात पावलं टाकत यायचं आणि चेंडू सोडायचा. आपली खेळपट्टी स्टंपपासून स्टंपपर्यंत ६६ फूट, आणि इथे चेंडू टप्पा न घेता येतो. आज पिचरचं अंतर ६० फूट सहा इंच आहे, पण ते १८९३पासूनचं. रॅडबर्न १८९१लाच थांबला होता.

म्हणजे सगळं पिचरच्या सोयीचं? तसं नाही. फलंदाज आधीच सांगायचा, ‘उंच हवा’ किंवा ‘खाली हवा’, आणि चेंडू त्याच पट्ट्यात द्यावा लागे. फाउल, म्हणजे बाजूच्या रेघांबाहेर गेलेला फटका स्ट्राइकमध्ये (तीन स्ट्राइक झाले की फलंदाज बाद) धरत नसत. सहा बॉल, म्हणजे पट्ट्याबाहेरचे चेंडू, झाले की फलंदाज फुकटात पहिल्या बेसवर, म्हणजे धावेच्या वाटेवरच्या पहिल्या थांब्यावर. बहुतेक क्षेत्ररक्षक उघड्या हातांनी झेलायचे, त्यामुळे चुका भरपूर, आणि प्रत्येक चूक म्हणजे पिचरला जास्तीचे चेंडू. ग्रेज जिच्यात खेळायचे त्या नॅशनल लीगने खांद्यावरून हात फिरवायला मुभा दिली तीही याच १८८४ साली. क्रिकेटमध्ये ती वीस वर्षं आधीच मिळाली होती. रॅडबर्न मात्र नुसत्या वेगाच्या मागे लागला नाही. हाताचा कोन बदलायचा, वेग कमी-जास्त करायचा, चेंडू वळवायचा. म्हणूनच तो टिकला, असं माझं मत.

आता जुलैचा तमाशा. संघात दोन पिचर : रॅडबर्न आणि तरुण चार्ली स्वीनी. स्वीनीने ७ जूनला बोस्टनविरुद्ध १९ स्ट्राइकआउट घेतलेले, म्हणजे १९ फलंदाज तीन स्ट्राइकवर बाद केलेले. दोघांचं पटत नव्हतं. जुलैच्या मध्याला रॅडबर्नवर मुद्दाम वाईट खेळल्याचा ठपका ठेवून त्याला निलंबित केलं. मग २२ जुलैला स्वीनीला सामन्याच्या मध्यात पिचिंग सोडून बाहेरच्या मैदानात जायला सांगितलं. (दुखापतीशिवाय बदली खेळाडू घेता येत नसे, पिचर बदलायचा तर मैदानातल्याच दोघांनी जागा बदलायच्या.) प्यायलेला स्वीनी ऐकेना, सरळ चालता झाला. ग्रेजनी उरलेला सामना आठ जणांत खेळून हातातला घालवला.

व्यवस्थापक फ्रँक बॅनक्रॉफ्ट रॅडबर्नकडे गेला. सौदा ठरला : उरलेला हंगाम तो एकटा ओढेल, बदल्यात जास्त पैसे आणि हंगामाअखेर करारातून सुटका. तेव्हा राखीव कलमामुळे खेळाडू क्लबला बांधलेला असायचा, त्यामुळे ‘सुटका’ ही पगारापेक्षा मोठी गोष्ट. २३ जुलै ते २४ सप्टेंबर संघाचे ४३ सामने झाले. ४० रॅडबर्नने सुरू केले, ३६ जिंकले.

त्याची किंमत खांद्याने मोजली. चेंडू सुटल्यावर हाताला लगाम घालतात ते खांद्यामागचे छोटे स्नायू. ते भरून यायला विश्रांती लागते, आणि ती नव्हतीच. सकाळी केस विंचरायलासुद्धा हात वर जात नसे. मग तो मैदानावर लवकर जाऊन चार-पाच फुटांवरून हलके चेंडू टाकायला लागायचा. अंतर हळूहळू वाढवायचा, शेवटी आउटफील्डमधून थेट होम प्लेटपर्यंत फेक पोचली की तयार. ऑक्टोबरमध्ये दोन लीगच्या विजेत्यांची लढत झाली, त्यात न्यू यॉर्क मेट्रोपॉलिटन्सविरुद्धचे तिन्ही सामने त्यानेच टाकले, तिन्ही जिंकले.

पुढच्या वर्षी विजय २८वर आले. नंतर बोस्टन, शेवटी सिनसिनाटी. १८८६च्या एका संघछायाचित्रात तो मधलं बोट दाखवत उभा आहे. या खुणेचा तो सर्वांत जुना ज्ञात फोटो, तेव्हा पोरांना दाखवताना जपून. ब्लूमिंग्टनला परतून त्याने बिलियर्डचा गुत्ता चालवला, शिकारीत एक डोळा गमावला, आणि १८९७मध्ये, ४२व्या वर्षी गेला.

फोनवर शोधाल तर कुठे ५९ विजय दिसतील, कुठे ६०. घोळ २८ जुलैच्या फिलाडेल्फियाच्या सामन्याचा. पहिल्या पाच इनिंग सायक्लोन मिलरने टाकल्या, शेवटच्या चार रॅडबर्नने. तेव्हाच्या धावलेखकाने विजय रॅडबर्नला दिला. आजच्या नियमाने तो मिलरचा.