चादरीचा कोपरा

(पहाट. यंत्रमागाची खडखड. ओसरीतली दोरी.)

सोलापूर, पूर्व भाग. दोरीवरून ओढून पाडलेली ही सोलापुरी चादर. तिचा एक कोपरा गायब. चादरीला भौगोलिक मानांकन आहे, म्हणजे हे नाव फक्त इथल्याच चादरीला लावता येतं, हे गुन्हेगाराला कोण सांगणार? तो पलंगाखाली बसलाय. कुत्र्याचं पिलू, वय चार महिने, नाव मोत्या.

"चपला खाल्ल्या, रिमोट खाल्ला, आता चादर! पोट हाय का रांजण?" आजी वैतागल्यात.

(मोत्याचं तोंड, जवळून.)

पिलाला दुधाचे दात २८. साधारण चौथ्या महिन्यापासून ते पडू लागतात आणि सहा-सात महिन्यांपर्यंत ४२ पक्के दात येतात. तोवर हिरड्या ठणकतात, काहीतरी चावलं की बरं वाटतं. फरशीवर तांदळाएवढा दात सापडला तर घाबरू नका. बरेचदा पिलू तो गिळूनच टाकतं.

पण सगळं दातांवर ढकलून चालणार नाही. उन्हाळ्यात इथला पारा चाळिशी ओलांडतो, दुपारच्या डांबरावर पंजे भाजतात. पिलू दिवसभर घरात कोंडलेलं. अंगातली न जिरलेली मस्ती मग चपलेवर निघते. तिला चामड्याचा वास, वर घरच्यांच्या पायाचा. म्हणून फिरणं भल्या पहाटे उरकायचं.

(फ्रीजर उघडतो.)

आजींनी जुन्या टॉवेलची पट्टी भिजवली, पीळ दिला, फ्रीजरमध्ये ठेवली. गार कापडानं हिरड्यांना आराम पडतो. मात्र द्यायची ती डोळ्यांदेखत. धागे सुटायला लागले की काढून घ्यायची; पोटात गेलेला लांब धागा आतडी गोळा करतो, ऑपरेशनची वेळ येते. शिजवलेलं हाड नको, त्याच्या कपच्या उडतात. शेंगा चटणी लावलेली कडक भाकरीही नको. चटणीतला लसूण कुत्र्याला विषारी. आणि विजेच्या वायरी? त्या आजच वर बांधा.

चप्पल तोंडात दिसली तर ओढाताण करू नका, त्याला तो खेळच वाटतो. खेळणं पुढे करा, चप्पल सुटली की शाबासकी द्या. फाटलेली चादर तासाभरानं सापडली आणि तेव्हा मारलंत, तर मार कशाचा ते त्याला उमगत नाही. तुमची धास्ती तेवढी बसते. मघाशी पलंगाखाली पाहिलेलं ते पडेल तोंड पश्चात्तापाचं नव्हतं. आजींचा आवाज चढला होता.

(ओसरी. संध्याकाळ.)

चादर कपाटात गेलीय, चपला फळीवर. मोत्या टॉवेल चघळतोय. आजी शेजारीच बसल्यात, धागा सुटतोय का ते बघत.