निरंकाराची राई

[दृश्य: भरदुपारी काळोखं झालेलं रान. पानगळीखालून संथ वाहणारं पाणी. निवेदनापूर्वी फक्त पाण्याचा आवाज.]

गोव्याच्या सत्तरी तालुक्यात बांबर नावाचं गाव आहे. तिथं एक देवराई आहे, निरंकाराची. आकार नसलेल्या देवाची. देवराईत शिरताना पायताण बाहेर काढायचं, ही इथली जुनी रीत. या राईत ती पाळायला शहाणपणही लागत नाही, कारण पुढं पाऊल टाकलं की घोट्याएवढा चिखल.

[दृश्य: कॅमेरा जमिनीलगत. चिखलातून वर आलेली, वाकून पुन्हा खाली गेलेली मुळं.]

मुळांकडं नीट बघा. जमिनीतून वर येतात, मांडी घालून बसलेल्या माणसाच्या गुडघ्यासारखी वाकतात आणि परत चिखलात शिरतात. ही झाडं जायफळाच्या कुळातली, मिरिस्टिकाच्या घराण्यातली. बाराही महिने पाणी धरून राहणाऱ्या चिखलात हवा जवळजवळ नसते. साधं झाड तिथं गुदमरून कुजेल. ही झाडं मुळं पाण्याच्या वर काढतात आणि सालीवरच्या बारीक छिद्रांतून श्वास घेतात. काहींना खोडापासून आधारमुळंही फुटतात, म्हणून मऊ मातीतही ती ताठ उभी राहतात.

झाडाच्या सालीवर घाव बसला तर आतून लालभडक चीक वाहतो, अगदी रक्ताच्या रंगाचा. राईत कुऱ्हाड चालवू नये, राईचा राखणदार देव बघत असतो, असं मोठी माणसं का सांगत आली असतील, ते हा चीक पाहिल्यावर कुणी वेगळं समजावायला लागत नाही.

[दृश्य: उकललेलं फळ, काळपट बी आणि त्याला वेढणारी तांबडी जायपत्री. वर पंखांचा मोठा आवाज.]

फळ उकललं की बीभोवती तांबडी जायपत्री दिसते. त्या रंगाला भुलून धनेश येतो, रानकबुतरं येतात आणि बी लांब नेऊन टाकतात. पण इथं एक नाजूक अडचण आहे. हे बी वाळलं की मरतं. डब्यात भरून पुढल्या वर्षासाठी ठेवता येत नाही. ते ओलसर मातीतच पडायला हवं आणि लवकर रुजायला हवं. शिवाय नरझाड वेगळं, मादीझाड वेगळं. लहानशा राईतली चार झाडं गेली तरी फळधारणा अडते.

[दृश्य: काळे ठिपके असलेलं मोठं पांढरं फुलपाखरू, हळूहळू तरंगत जाताना.]

हे मलाबार ट्री निम्फ. फक्त पश्चिम घाटात सापडतं. गोवा सरकारनं 2021 मध्ये याला राज्य फुलपाखरू म्हणून मान दिला. पंख फारसे न हलवता ते दाट सावलीत नुसतं तरंगत राहतं. अशा ओल्या, सावलीच्या रानाशीच त्याचा संसार बांधलेला आहे.

अशा दलदलींची भारतातली पहिली शास्त्रीय नोंद 1960 मध्ये, दक्षिण केरळच्या डोंगरांतून झाली. त्यांची जागा ठरलेली असते: दोन डोंगरांमधली सपाट घळ, जिथं झऱ्याचं पाणी हळू होतं. माणसालाही नेमकी तीच जागा हवी असते. भाताला तीच चांगली, पोफळीच्या कुळागराला, म्हणजे बागेलाही तीच. पश्चिम घाटात कित्येक ठिकाणी चर खणून पाणी काढलं गेलं, शेत झालं आणि दलदल संपली. उरल्या त्यातल्या बऱ्याचशा देवाच्या नावावर.

हे मला फार महत्त्वाचं वाटतं. सत्तरीची माणसं मुळातच मातीला देव मानणारी. सातेरी देवी इथं वारुळाच्या रूपात पुजली जाते. झर्मे आणि करंझोळ गावांच्या चोरोत्सव नावाच्या सणात तर माणसालाच मातीत पुरण्याचा विधी होतो. अशा मुलखात चिखलाला कुणी पडीक म्हणत नाही. पावसाळ्यात सत्तरीत तीन हजार मिलिमीटरहून कितीतरी जास्त पाऊस कोसळतो. ही दलदल ते पाणी अडवते, मुरवते आणि मग सावकाश व्हाळाला, म्हणजे ओढ्याला सोडते. व्हाळ म्हादईला मिळतो आणि म्हादई पुढं मांडवी होऊन पणजीपाशी समुद्राला भेटते.

[दृश्य: सीमेपलीकडचे डोंगर, धुकं.]

शेजारी सिंधुदुर्गातल्या बांबर्डे इथली अशीच दलदल महाराष्ट्र शासनानं जैवविविधता वारसा स्थळ म्हणून जाहीर केली आहे. क्षेत्र अडीच हेक्टरच्या आसपास. एवढ्याशा जागेला कायद्याचं कवच मिळालं, याचं समाधान आहे.

पण कुंपण झाडाभोवती घालता येतं, पाण्याभोवती नाही. वरच्या अंगाला कुणी झरा वळवला, बोअर मारली, उतारावरचं रान साफ केलं, तर राईतलं एकही पान न तोडता राई सुकेल. निरंकाराची हद्द गावानं राईपाशी आखली. आता ती वरच्या झऱ्यापर्यंत न्यायला हवी, आणि हे काम देवस्थान, पंचायत आणि वनखात्यानं एकत्र बसूनच करायचं आहे.