पोप बोलतात तेव्हा

श्रोतेहो, नमस्कार.

१२ फेब्रुवारी १९३१. व्हॅटिकनच्या बागेत नवं कोरं रेडिओ केंद्र उभं राहिलं होतं. ते उभारून दिलं होतं गुल्येल्मो मार्कोनी यांनी, बिनतारी संदेशवहनाच्या इतिहासात ज्यांचं नाव आधी घेतात, त्याच मार्कोनींनी. त्यांनी प्रास्ताविकाचे चार शब्द बोलून ध्वनिक्षेपक पोपमहोदयांकडे सोपवला आणि अकरावे पायस लॅटिनमधून बोलू लागले. आकाशा, मी बोलतो ते ऐक. पृथ्वी, माझ्या तोंडचे शब्द ऐक, अशा बायबलमधल्या वचनाने त्यांनी सुरुवात केली. त्याआधी कुठल्याच पोपचा आवाज एकाच वेळी इतक्या देशांत ऐकू गेला नव्हता.

आधुनिक काळातल्या पोपपदाविषयी आज बोलायचं आहे, आणि मी धागा धरणार आहे तो ह्या आवाजाचा. गेल्या दीडशे वर्षांत ह्या पदाकडे फौज उरली नाही, मुलूख उरला नाही. उरलं ते बोलणं. म्हणून पोप कधी बोलले आणि कधी गप्प बसले, ह्यावरच त्यांना जोखावं असं मला वाटतं.

मुलूख एके काळी होता, आणि लहानसहान नव्हता. रोमपासून पार बोलोन्यापर्यंत मध्य इटलीचा मोठा पट्टा हजारएक वर्षं पोपच्या अमलाखाली होता. तिथे पोप म्हणजे राजे. कर त्यांचे, सैन्य त्यांचं, तुरुंग त्यांचे, फाशीची शिक्षासुद्धा त्यांच्याच राज्यातली. ह्या राज्याला पहिला मोठा हादरा फ्रेंचांनी दिला. फ्रेंच सैन्याने सहाव्या पायसांना रोममधून उचलून नेलं आणि १७९९ मध्ये ते फ्रान्समध्ये कैदेतच वारले. त्यांच्यानंतरचे सातवे पायस नेपोलियनच्या राज्याभिषेकाला पॅरिसला गेले, आणि पाच वर्षांनी त्याच नेपोलियनने त्यांना पकडून नेलं. १८१४ मध्ये ते रोमला परतले. पुढे नेपोलियनचं साम्राज्य कोसळलं, त्याच्या आईला युरोपात कुठे थारा मिळेना, तेव्हा तिला रोममध्ये आसरा दिला तो ह्याच सातव्या पायसांनी. इतिहासात असा मोठेपणा फार थोड्या राज्यकर्त्यांनी दाखवला आहे.

आता येऊ नवव्या पायसांकडे, कारण सगळी कलाटणी त्यांच्या कारकिर्दीत आहे. १८४६ मध्ये ते पोप झाले तेव्हा त्यांनी राजकीय कैदी सोडले आणि लोकांनी त्यांना डोक्यावर घेतलं. दोनच वर्षांत वारं फिरलं. त्यांच्या मंत्र्याचा, पेल्लेग्रीनो रोस्सींचा, भर दिवसा खून झाला. पोप साध्या पाद्रीच्या वेषात रात्री रोममधून निसटले आणि नेपल्सच्या राज्यात गाएता इथे जाऊन राहिले. फ्रेंच संगिनींच्या जोरावर ते परतले खरे, पण परतलेला माणूस वेगळा होता. ८ डिसेंबर १८६४ ला त्यांनी ८० चुकीच्या मतांची यादीच जाहीर केली. आपल्या बुद्धीला पटेल तो धर्म पाळायला माणूस मोकळा आहे, हे मत त्या यादीत चूक ठरलं. पोपने प्रगतीशी, उदारमतवादाशी आणि आधुनिक सुधारणेशी जुळवून घ्यावं, हेही चूक. तारीख ध्यानात ठेवा, तिचा संबंध पुढे मुंबईशी येणार आहे.

मग आलं १८७० साल. १८ जुलैला, पहिल्या व्हॅटिकन परिषदेत, सेंट पीटर्स चर्चमध्ये जगभरचे बिशप, म्हणजे आपापल्या प्रांताचे धर्मप्रमुख, मतदानाला बसले होते. बाहेर मेघगर्जना, विजांचा कडकडाट, आत इतका अंधार की कागद वाचायला मेणबत्ती आणावी लागली. ५३३ विरुद्ध २ मतांनी ठरलं की पोप आपल्या आसनावरून श्रद्धा किंवा नीती यांविषयी अंतिम निर्णय सांगतात तेव्हा त्यात प्रमाद असत नाही. ज्यांना हे पटत नव्हतं त्यांतले बरेचसे बिशप आदल्या दिवशीच रोम सोडून गेले होते. आपल्याकडे अनेकांचा समज असतो की पोप बोलले ते सगळंच कॅथलिकांना वेदवाक्य. तसं नाही. त्या ठरावानंतर ह्या अधिकाराने उघडपणे केलेली घोषणा एकच, १९५० मधली, मरियामातेच्या स्वर्गारोहणाची.

ठरावाच्या दुसऱ्याच दिवशी फ्रान्सने प्रशियाविरुद्ध युद्ध पुकारलं. रोमचं रक्षण करणारी फ्रेंच पलटण माघारी गेली. नव्याने एक झालेल्या इटलीला रोम हवंच होतं. २० सप्टेंबरला पहाटे इटालियन तोफांनी पोर्ता पीआ ह्या वेशीजवळच्या तटावर मारा सुरू केला आणि सकाळीच खिंडार पडलं. पोपनी सेनापतीला आधीच बजावलं होतं: आमच्यावर जबरदस्ती झाली एवढं दिसण्यापुरताच प्रतिकार करा आणि मग थांबा. पांढरं निशाण चढलं. शब्दाला सर्वोच्च अधिकार मिळून पुरते अडीच महिनेही झाले नव्हते, आणि हजार वर्षांचं राज्य एका सकाळीत संपलं.

इटलीच्या सरकारने वर्षाला ३२ लाखांवर लिरांचा तनखा देऊ केला. पायस यांनी तो नाकारला आणि स्वतःला व्हॅटिकनचा कैदी म्हणवून घेतलं. पुढची ५९ वर्षं एकही पोप त्या भिंतींबाहेर आला नाही. लोकांचा राग इतका, की १८८१ मध्ये नवव्या पायसांची शवपेटी रात्री दुसऱ्या चर्चमध्ये हलवताना जमावाने ती टायबर नदीत फेकायचा प्रयत्न केला.

ह्या कोंडलेपणातून वाट काढली तेराव्या लिओंनी. १८७८ मध्ये ते निवडून आले तेव्हा सदुसष्ट वर्षांचे होते, प्रकृती तोळामासा. फार दिवस काढणार नाहीत असं सर्वांना वाटत होतं. ते ९३ व्या वर्षापर्यंत जगले. राज्य परत मिळेना, तेव्हा त्यांनी लेखणी उचलली. १५ मे १८९१ चं ‘रेरूम नोवारूम’ हे त्यांचं परिपत्र कामगारांविषयी आहे. काटकसरीने राहणाऱ्या मजुराचा निर्वाह होईल इतका मोबदला त्याला मिळालाच पाहिजे, संघटना बांधायचा त्याला हक्क आहे, खाजगी मालमत्ता असावी पण मालकाने माणसाला यंत्रासारखं राबवू नये, असं त्यात स्पष्ट आहे. कारखान्याच्या धुरात रोमचा शब्द पहिल्यांदा शिरला तो इथे. ह्याच लिओंचा आवाज १९०३ मध्ये ध्वनिमुद्रित झाला आहे. १८१० साली जन्मलेल्या माणसाचा तो थरथरता ‘आवे मारिया’, मरियामातेची प्रार्थना, आजही ऐकायला मिळतो.

आपल्या भागाशीही लिओंचा थेट संबंध आहे. गोव्यापासून मुंबईपर्यंत बिशप नेमायचा हक्क पोर्तुगालचा राजा शतकानुशतकं सांगत आला होता आणि रोम तो कमी करू पाहत होतं. १८८६ मध्ये लिओंनी पोर्तुगालशी करार केला आणि भारतात रीतसर धर्मप्रांत स्थापले. तरी मुंबईत काही चर्चांवर दमणच्या बिशपांचा अधिकार राहिला, काहींवर मुंबईच्या आर्चबिशपांचा. एकाच वस्तीतल्या दोन चर्चांचे अधिकारी वेगळे, असा हा तिढा १९२८ पर्यंत चालला. मुंबईला पहिले भारतीय आर्चबिशप लाभले ते १९५० मध्ये, व्हॅलेरियन ग्रेशस. तीन वर्षांनी ते भारताचे पहिले कार्डिनल, म्हणजे पोपची निवड करणाऱ्या मंडळातले धर्माधिकारी, झाले.

इटलीशी समेट झाला ११ फेब्रुवारी १९२९ ला, मुसोलिनीच्या राजवटीत. लॅटरन कराराने पोपना मिळालं जेमतेम ४४ हेक्टरांचं राज्य. आणि दोनच वर्षांत त्या इवल्या जागेवरून तो रेडिओ बोलू लागला. हुकूमशहाशी करार करणाऱ्या अकराव्या पायसांनी हुकूमशाहीपुढे तोंड मात्र बांधून घेतलं नाही. १९३७ मध्ये त्यांनी नाझी राजवटीविरुद्ध परिपत्र काढलं, लॅटिनऐवजी थेट जर्मन भाषेत. ते गुपचूप जर्मनीत पोचवलं गेलं, तिथेच छापलं गेलं आणि झावळ्यांच्या रविवारी, म्हणजे ईस्टरच्या आदल्या रविवारी, चर्चाचर्चांतून वाचून दाखवलं गेलं.

त्यांचे वारसदार बारावे पायस हे मुरलेले मुत्सद्दी. युद्ध आठवड्यावर आलेलं असताना २४ ऑगस्ट १९३९ ला ते रेडिओवरून म्हणाले, शांततेने काहीच गमावलं जात नाही, युद्धाने सगळंच गमावलं जाऊ शकतं. युद्धकाळात व्हॅटिकन रेडिओने कैद्यांची आणि हरवलेल्यांची नावं तासन्‌तास वाचून दाखवली. असे निरोप बारा लाखांवर गेले. पलीकडे कुणी आई रेडिओला कान लावून बसलेली असेल, ह्या भरवशावर केलेलं हे काम मला फार मोलाचं वाटतं.

पण त्याच रेडिओवरचं १९४२ च्या नाताळचं भाषण घ्या. लांबलचक भाषणाच्या शेवटाकडे एक वाक्य येतं: कसलाही अपराध नसताना, कधी केवळ राष्ट्रीयत्वामुळे किंवा वंशामुळे, लाखो माणसं मृत्यूच्या खाईत लोटली जात आहेत. ह्या वाक्यात ‘ज्यू’ हा शब्द नाही, जर्मनीचं नाव नाही. पुढच्या वर्षी, १६ ऑक्टोबर १९४३ ला, खुद्द रोममध्ये जर्मनांनी ज्यूंची धरपकड केली. बायका, मुलं, म्हातारे, सगळ्यांना दोन दिवस एका लष्करी विद्यालयात कोंडलं. तिथून व्हॅटिकन पायी जाण्याइतकं जवळ. मग हजाराहून जास्त माणसं आउशविट्झच्या मृत्युछावणीत पाठवली गेली. परत आली सोळा. पोपनी जाहीर निषेध केला नाही.

त्यांच्या बाजूने बोलणारे सांगतात की तोंड उघडलं असतं तर आणखी माणसं मेली असती, आणि रोमच्या मठांनी हजारो ज्यूंना लपवलं हे खरंच आहे. त्या नन्सना आणि पाद्र्यांना माझा दंडवत. तरीही मला वाटतं, ज्याच्याकडे शब्दाशिवाय दुसरं शस्त्रच नाही त्याने तो शब्द त्या दिवशी उच्चारायला हवा होता. त्या कारकिर्दीचे कागद २०२० पासून अभ्यासकांना खुले झाले आहेत आणि वाद अजून मिटलेला नाही.

१९५८ मध्ये आले तेविसावे जॉन. बेर्गामोजवळच्या खेड्यातल्या शेतकऱ्याचं पोर, निवडीच्या वेळी वय सत्त्याहत्तरला टेकलेलं. युद्धकाळात इस्तंबूलमध्ये पोपचे प्रतिनिधी असताना त्यांनी ज्यू निर्वासितांना मदत केली होती. त्यांनी जगातल्या सगळ्या बिशपांची परिषद भरवली, दुसरी व्हॅटिकन परिषद. ११ ऑक्टोबर १९६२ ला ती सुरू झाली त्या रात्री चौकात जमलेल्यांना ते खिडकीतून म्हणाले, घरी गेल्यावर मुलांच्या गालावरून हात फिरवा आणि सांगा, हा पोपचा हात आहे. त्यानंतर दोनच आठवड्यांत क्युबातल्या क्षेपणास्त्रांवरून जग अणुयुद्धाच्या काठावर आलं. २५ ऑक्टोबरला हे कर्करोगाने पोखरलेले म्हातारे पोप रेडिओवर फ्रेंचमध्ये बोलले: मानवजातीच्या ह्या हाकेकडे सरकारांनी कानाडोळा करू नये. कुणाला दोष नाही, कुणाची बाजू नाही. दुसऱ्या दिवशी मॉस्कोच्या ‘प्रावदा’ने ते पहिल्या पानावर छापलं. देव न मानणाऱ्या राजवटीच्या मुखपत्रात पोपचं आवाहन! तडजोडीमागे अनेक कारणं होती, पण तोंड राखून माघार घ्यायला दोन्ही बाजूंना एक वाट त्या शब्दांनी करून दिली, असं मी मानतो.

आता मुंबई. डिसेंबर १९६४ मध्ये सहावे पॉल भारतात आले, इथे पाऊल ठेवणारे पहिले पोप. ओव्हल मैदानावर आंतरराष्ट्रीय युकॅरिस्टिक काँग्रेस, म्हणजे जगभरच्या कॅथलिकांचा धार्मिक मेळावा, भरली होती. ३ डिसेंबरला इतर धर्मांच्या प्रतिनिधींपुढे बोलताना त्यांनी बृहदारण्यक उपनिषदातली प्रार्थना म्हटली: असत्याकडून सत्याकडे ने, अंधाराकडून प्रकाशाकडे ने, मृत्यूकडून अमृतत्वाकडे ने. मघाची ती ८ डिसेंबर १८६४ ची यादी आठवा. शंभर वर्षं भरायला पाच दिवस कमी होते. त्याच मुक्कामात त्यांनी राष्ट्रांना आवाहन केलं की शस्त्रांवरच्या खर्चातला वाटा गरीब देशांसाठी काढा. जाताना आपली पांढरी मोटार मदर तेरेसांना दिली. मदर त्या गाडीत बसल्या नाहीत, सोडत काढून त्यांनी कुष्ठरोग्यांसाठी पैसा उभा केला. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर मिस्सा, म्हणजे चर्चमधली मुख्य उपासना, हाही लोकांच्या भाषेत आला, वसईत मराठीत, गोव्यात कोकणीत.

दुसरे जॉन पॉल यांची पोलंडवारी, १९८६ मधली त्यांची मुंबई, गोवा आणि पुण्याची भेट, हे तुमच्यापैकी अनेकांना ठाऊक आहे. मला बोलायचंय ते ह्या काळातल्या दुसऱ्या मौनाविषयी. पाद्र्यांनी मुलांवर केलेले लैंगिक अत्याचार वर्षानुवर्षं दाबले गेले, गुन्हेगाराला दुसऱ्या चर्चमध्ये बदलून टाकायचं आणि गप्प राहायचं, असं देशोदेशी घडलं. २००२ मध्ये बॉस्टनच्या वृत्तपत्राने ते चव्हाट्यावर आणलं. नंतरच्या पोपनी माफी मागितली, नियम बदलले, २०१९ मध्ये फ्रान्सिस यांनी अशा प्रकरणांतली पोपकडची गुप्तता उठवली. पण आवाज आधी पीडितांनी उठवला, रोमने नंतर. हे झाकून पोपपदाचा इतिहास सांगता येत नाही.

२००५ च्या ईस्टरला जॉन पॉल खिडकीत आले, बोलायचा प्रयत्न केला आणि शब्द फुटलाच नाही. आठवड्याने ते गेले. सोळावे बेनेडिक्ट २०१३ मध्ये पायउतार झाले आणि ते त्यांनी जाहीर केलं लॅटिनमध्ये; लॅटिन जाणणाऱ्या एका इटालियन बातमीदार बाईंना ते कळलं म्हणून जगाला लगोलग कळलं. फ्रान्सिस यांनी गाझा युद्ध पेटल्यावर तिथल्या एकुलत्या कॅथलिक चर्चला जवळजवळ रोज संध्याकाळी फोन केला. रुग्णालयातूनही केला. शेवटचा केला तो मृत्यूच्या दोन दिवस आधी, एप्रिल २०२५ मध्ये.

८ मे २०२५ ला शिकागोत जन्मलेले, पेरूमध्ये आयुष्याची कितीतरी वर्षं काढलेले रॉबर्ट प्रेव्होस्ट पोप झाले. पहिलेच शब्द होते, तुम्हां सर्वांना शांती लाभो. नाव घेतलं चौदावे लिओ. का, ते त्यांनी दोन दिवसांनी कार्डिनलांना सांगितलं: तेराव्या लिओंनी कारखान्यांच्या युगात कामगाराचा प्रश्न हाती घेतला, आता कृत्रिम बुद्धिमत्तेच्या युगात माणसाची प्रतिष्ठा, न्याय आणि श्रम ह्यांचा प्रश्न तसाच दारात उभा आहे.

नमस्कार.