काळ अडवणारा दिवा

नमस्कार श्रोतेहो.

आज ज्या दिव्याबद्दल बोलणार आहे, तो कुठेच नाही. आभाळात झळाळणारा एक गोळा कल्पा. त्याच्या उजेडात वेळ त्याच्या मर्जीने चालते. त्याने म्हटलं तर रेंगाळते, म्हटलं तर जागच्या जागी थांबते. आपण त्याला कालदीप म्हणू. नाव मीच ठेवलंय, ताऱ्यांच्या नकाशात शोधायला जाऊ नका.

गंमत अशी, की यातलं अर्धं खरं आहे. आइनस्टाइनचा १९१५ चा सिद्धांत सांगतो, की जड वस्तूच्या जवळ घड्याळ हळू चालतं. जितकं जवळ, तितकं हळू. ही सत्ता पृथ्वीकडेही आहे. २०१० मध्ये शास्त्रज्ञांनी दोन अतिअचूक अणुघड्याळं घेतली, एक दुसऱ्यापेक्षा जेमतेम ३३ सेंटीमीटर उंच ठेवलं, आणि वरचं घड्याळ खरोखरच पुढे धावताना पकडलं. म्हणजे उभ्या माणसाचं डोकं पायांपेक्षा किंचित लवकर म्हातारं होतं. (काहींच्या बाबतीत किंचित नव्हे, पण तो विषय वेगळा.)

सूर्याच्या पृष्ठभागावर घड्याळ ठेवता आलं, तर ते वर्षाकाठी आपल्यापेक्षा साधारण मिनिटभर मागे पडेल. एवढा अवाढव्य गोळा आणि कमाई एक मिनिट! कारण नुसता आकार कामाचा नाही. वस्तुमान थोड्या जागेत कोंबलेलं हवं. व्याध ताऱ्याचा जोडीदार हा श्वेतबटू आहे, म्हणजे इंधन संपून आकसलेला तारा. त्याच्यात सूर्याइतकं द्रव्य आहे, पण ते जवळपास पृथ्वीएवढ्या गोळ्यात मावलंय. तिथे रोज तेवीसेक सेकंद मागे पडतील. न्यूट्रॉन तारा त्याहून घट्ट, त्रिज्या फार तर डझनभर किलोमीटर. आपला एक तास होईपर्यंत तिथे पन्नास मिनिटंही झालेली नसतात.

आणि असा तारा पहिल्यांदा सापडला तो रेडिओवर बरं का. १९६७ मध्ये जॉसलिन बेल या संशोधक विद्यार्थिनीला केंब्रिजच्या रेडिओ दुर्बिणीच्या कागदी नोंदींत एक बारीकशी खूण दिसली. नीट तपासल्यावर कळलं, की दर १.३३ सेकंदांनी एक ठोका येतोय. टक. टक. टक. इतका नेमका, की परग्रहावरच्या ‘छोट्या हिरव्या माणसां’ची थट्टाही झाली. तो होता स्वतःभोवती फिरणारा न्यूट्रॉन तारा, आकाशातलं आयतं घड्याळ.

आता समजा, हे भाषण मी न्यूट्रॉन ताऱ्यावरून करतोय. कसा तगलो ते विचारू नका. आमचं केंद्र १०० मेगाहर्ट्झवर आहे, असं मी प्रामाणिकपणे सांगतोय. तुम्ही १०० वर काटा आणता, तर तिथे नुसती खरखर. कारण माझी लहर वर येता येता ताणली जाते आणि तुमच्याकडे ८० च्या आसपास पोचते. एफएमचा पट्टा तर ८८ लाच सुरू होतो! खास रेडिओ बनवून तुम्ही मला पकडलंतच, तर आवाज जाडा आणि बोलणं संथ. पाच मिनिटांचं भाषण तुम्हाला सहा मिनिटं पुरेल. मला मात्र काहीच वेगळं जाणवणार नाही. माझं घड्याळ ठीक, नाडी ठीक. उलट तुम्हीच मला घाईघाईत वाटाल. कालदीपाच्या पायाशी जाऊन जास्तीचं आयुष्य मिळवू म्हणणाऱ्याची इथेच फजिती होते. वेळ बाहेरच्यांना हळू दिसते. आत बसलेल्याच्या पदरी एक क्षणही जास्त पडत नाही.

मग आणखी दाबून घट्ट करत गेलो तर? इथे एक कुंपण लागतं, आणि या सगळ्या प्रकरणात मला तेच सर्वांत सुंदर वाटतं. हान्स बुकडाल या भौतिकशास्त्रज्ञाने १९५९ मध्ये गणिताने दाखवलं, की आत जास्त दाट आणि बाहेर विरळ असा, आपल्या दाबावर तोललेला गोळा एका मर्यादेपलीकडे आवळता येत नाही. सूर्याएवढ्या द्रव्यासाठी ती मर्यादा येते ३.३ किलोमीटर त्रिज्येवर. त्या टोकाला पृष्ठभागावरची वेळ किती मंद? एक तृतीयांश. बस. तिथून माझं केंद्र ३३ मेगाहर्ट्झवर लागेल आणि हेच भाषण पंधरा मिनिटं चालेल. पुढे अजून थोडं आवळलं, की गाभ्याला भार पेलवत नाही आणि गोळा कोसळतो.

म्हणजे स्वतःच्या पायावर उभा राहून झळाळणारा कालदीप वेळेला तिपटीपेक्षा जास्त ताणू शकत नाही. ती पुरती थांबवायची हौस असेल, तर त्याला कोसळून कृष्णविवर व्हावं लागेल. आणि मग तो दिवा उरत नाही. कारण प्रकाशाची लहर हीसुद्धा घड्याळाची टिकटिकच आहे. वेळ मंदावली की लहरही मंदावते. निळा तांबूस होतो, तांबडा दिसेनासा होतो. थांबलेल्या वेळेतून उजेड यायचा कसा? आपल्या भाषेत काळ आणि काळा हे शब्द इतके खेटून बसलेत, ते उगीच नसावेत असं वाटून जातं.

तर श्रोतेहो, मी आता त्या विवराच्या काठाकडे पडत चाललोय असं समजा. तुमचा काटा खाली, आणखी खाली सरकवत राहा. माझा आवाज जाड होतोय, क्षीण होतोय, दोन शब्दांमधलं अंतर वाढतंय. मला मात्र सगळं नेहमीसारखंच भासतंय. काठ ओलांडता ओलांडता मी रीतसर तुमचा निरोप घेतो. माझ्या बाजूने शब्द पूर्ण झालाय, पण तुमच्यापर्यंत त्यातलं एवढंच पोचेल: नमस्का