हशासाठी सोडलेली जागा

मंडळी, आज बोलायचंय ‘रुकरी नूक’बद्दल. १९३० चा ब्रिटिश बोलपट, बेन ट्रॅव्हर्सच्या फार्सवरून केलेला. विषय दिलाय ‘नाटकातला हशा पडद्यावर कुठे जातो’. तिकडे येतोच, पण आधी मनातली एक सल सांगू द्या.

काही वर्षांपूर्वी एका सभागृहात मी हा चित्रपट दाखवायला नेला. त्या काळची फ्रेम जवळजवळ चौकोनी. तिथल्या ऑपरेटरला पडद्याच्या दोन्ही बाजूंच्या काळ्या पट्ट्या खटकल्या. त्यानं चित्र मोठं करून पडदाभर केलं. वरून डोकी गेली, खालून पाय गेले! मी धावत मागे गेलो, तर म्हणतो, “साहेब, आता भरलेलं दिसतंय.” फार्समधले पाय, मंडळी! दार किलकिलं होतं, आधी पाऊल आत येतं, मग माणूस. आपल्याकडे विंगेतून नटाची नुसती चप्पल दिसली तरी पिटातला प्रेक्षक फुटतो, हे तुम्हाला सांगायला नको. मध्यंतरात एक जाणते गृहस्थ मला म्हणाले, “हे काय, नाटकाचं नुसतं चित्रीकरण आहे.” पाय कापलेलं नाटक पाहून निकाल दिला! ते वाक्य मला अजून टोचतं.

आता गोष्ट. नवा नवरा गेराल्ड, बायको अजून पोचायचीय, भाड्याचं घर. सावत्र बापानं हाकललेली एक मुलगी रात्री पायजम्यातच आसऱ्याला येते. दारात संशयी मेव्हणी. पुढचं तुम्हीच रचाल, फार्स आपल्या अंगात आहे.

पण हे नट पाहा. लंडनच्या ऑल्डविच थिएटरात १९२६ साली नाटक लागलं आणि त्याचे ४०९ प्रयोग झाले. राल्फ लिन, टॉम वॉल्स, रॉबर्टसन हेअर, मेरी ब्रो, विनिफ्रेड शॉटर ही रंगमंचावरचीच मंडळी पडद्यावर आली. दिग्दर्शनही वॉल्सचंच. (याच वॉल्सच्या ‘एप्रिल द फिफ्थ’ घोड्यानं १९३२ ची डर्बी जिंकली! घोड्यांवर वेगळं व्याख्यान ठेवा, मी येईन.)

चिठ्ठी आली. पाच मिनिटं? बरं, मग थोडक्यात.

रंगमंचावर नट हशा घेतो, तो ओसरू लागला की पुढचं वाक्य टाकतो. स्टुडिओत हसायला कोणी नाही. थांबलात तर भोक पडतं, न थांबलात तर थिएटरातल्या हशात वाक्य बुडतं. लिन ती जागा रिकामी ठेवत नाही. एका डोळ्यावरची काच, म्हणजे मोनोकल, सावरतो, अर्धं वाक्य पुटपुटतो, तोंड उघडून मिटतो. ऐकू आलं नाही तरी काही बिघडत नाही आणि कोणी हसलं नाही तरी तो उघडा पडत नाही. हे शेकडो प्रयोगांनी अंगात मुरलेलं टायमिंग आहे.

दुसरं, कॅमेरा फारसा हलत नाही हा दोष लोक सांगतात. त्या काळी त्याची घरघर माइकात जाऊ नये म्हणून त्याला पेटीत कोंडत. पण त्यामुळेच दोन-तीन माणसं डोक्यापासून पायापर्यंत एका चौकटीत राहतात. एक थाप मारतो, दुसऱ्याचा चेहरा पडतो, दोन्ही एकदम दिसतं. तिथं कट मारला असता तर हशाच तुटला असता. नव्वदहून जास्त वर्षांपूर्वीच्या एका नाटक कंपनीची लय आपल्याला जशीच्या तशी मिळालीय, ती या ‘नुसत्या चित्रीकरणा’मुळेच.

तिसरा मुद्दा राहू दे. दिवे घालवा. फ्रेम मी दुपारीच येऊन तपासलीय, पाय दिसतात.