आधी ऐका, मग ठरवा

श्रोतेहो, नमस्कार.

आपल्या गावात, आपल्या गल्लीत नोंदणी झालेली एखादी तरी संस्था असतेच. कुठे सार्वजनिक वाचनालय, कुठे महिला मंडळ, कुठे तालीम, आणि शहरात राहत असाल तर तुमची गृहनिर्माण सोसायटी. एरवी तिच्या कारभाराकडे कुणाचं लक्ष नसतं. मग एके दिवशी सरकारी कार्यालयातून पाकीट येतं आणि कमिटीतल्या सगळ्यांचे चेहरे उतरतात. आज मला त्या पाकिटाबद्दल बोलायचं आहे.

मी तालुक्याच्या गावी एका वाचनालयाचा चिटणीस होतो, बरीच वर्षं. एकदा आम्हाला नोटीस आली की आपल्या कारभाराबाबत तक्रारी आल्या आहेत, सात दिवसांत खुलासा करा. तक्रार कुणाची, कशाबद्दल, कोणत्या सालची, याचं एक अक्षर त्यात नव्हतं. रात्री जागून आम्ही दहा वर्षांची इतिवृत्तं, पावतीपुस्तकं, ऑडिट रिपोर्ट बाहेर काढले. कशाचा खुलासा हवा तेच माहीत नाही, म्हणून सगळ्याचाच दिला. पुढे कळलं, तक्रार दोन लोखंडी कपाटांच्या खरेदीची होती. त्या खरेदीची तिन्ही कोटेशनं आमच्या फाइलीत होती, विचारलं असतं तर त्याच दिवशी नेऊन दाखवली असती. पण तोवर गावात बोभाटा झाला होता. आमचे खजिनदार म्हणजे पै-पैचा हिशेब ठेवणारा माणूस. त्यांनी महिनाभर बाजारपेठेतून जाणं सोडलं होतं. ते मला अजूनही बोचतं.

कायदा असं वागायला सांगत नाही, हे मला नंतर समजलं. आपल्याकडच्या बहुतेक नोंदणीकृत संस्था १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायद्याखाली धर्मादाय आयुक्तांच्या देखरेखीत येतात. विश्वस्ताला, म्हणजे संस्थेचा कारभार पाहणाऱ्याला, निलंबित करायचं किंवा काढून टाकायचं, तर त्या कायद्यात कलम ४१ डी आहे. ते प्रत्येक विश्वस्तानं एकदा तरी सावकाश वाचावं. त्यात म्हटलं आहे की आधी दोषारोप निश्चित करा. मग त्या माणसाला उत्तर द्यायची संधी द्या, त्याच्याविरुद्धचा पुरावा तपासू द्या, त्याचा स्वतःचा पुरावा मांडू द्या. आणि आदेशात आरोप लिहा, त्याचं म्हणणं लिहा, प्रत्येक आरोपावरचा निष्कर्ष कारणांसह लिहा. म्हणजे 'खुलासा समाधानकारक नाही' एवढ्या तीन शब्दांवर कुणाला घरी पाठवता येत नाही. का समाधानकारक नाही, ते लिहावं लागतं.

काही अधिकारी म्हणतात, चूक उघड दिसत असताना सुनावणीचा घोळ कशाला? या प्रश्नाला सर्वोच्च न्यायालयानं १९८० साली उत्तर दिलेलं आहे. त्या वर्षी फेब्रुवारीत नवी दिल्लीची नगरपालिका समिती बरखास्त झाली होती, आणि तिला म्हणणं मांडायची संधी दिली गेली नव्हती. एस. एल. कपूर विरुद्ध जगमोहन या नावानं तो खटला ओळखला जातो. न्यायालयानं सांगितलं की ऐकून न घेणं हेच नुकसान आहे, वेगळं नुकसान झाल्याचं सिद्ध करण्याची गरज नाही. ज्यानं न्याय नाकारला त्यानंच 'तुमचं काही बिघडलं नाही' म्हणणं शोभत नाही. ती नगरपालिका होती, आपली संस्था लहान आहे. पण म्हणून तत्त्व लहान होत नाही.

आपल्या मुंबईतलाही एक दाखला सांगतो. अंधेरीत सिनेमागृह बांधायला गोरधनदास भानजी यांना पोलीस आयुक्तांनी १९४७ साली परवानगी दिली, आणि दोनच महिन्यांत ती रद्द झाल्याचं पत्र आलं. पत्रात लिहिलं होतं की सरकारच्या निर्देशावरून कळवत आहे. अधिकार होता आयुक्तांचा आणि निर्णय दुसऱ्याचाच. १९५१ साली सर्वोच्च न्यायालयानं ते अमान्य केलं. ज्याच्या हाती अधिकार दिला आहे त्यानंच स्वतःच्या बुद्धीनं ठरवलं पाहिजे, आणि आदेशाचा अर्थ आदेशातल्या शब्दांवरूनच लावायचा, मागाहून दिलेल्या स्पष्टीकरणावरून नाही. 'वरून फोन आला' असं ज्यांनी कधी कार्यालयात ऐकलं असेल, त्यांना हा निकाल किती मोलाचा आहे ते कळेल.

सरकारनं लक्षच घालू नये, असं माझं म्हणणं नाही. वर्षानुवर्षं सर्वसाधारण सभा न घेणाऱ्या, ऑडिट न करणाऱ्या, संस्थेची जागा परस्पर भाड्यानं देणाऱ्या कमिट्या मी पाहिल्या आहेत. तिथे अधिकाऱ्यानं हात बांधून बसणं हा सभासदांवर अन्यायच. पण कमिटीच्या जागी सरकारी प्रशासक आला की काय होतं, तेही सभासदच भोगतात. चेकवर सही कुणाची, इथपासून अडतं. पाण्याच्या टाकीची दुरुस्ती लांबते, पंपाचं बिल थकतं. म्हणून गृहनिर्माण सोसायट्यांना लागू असलेल्या १९६० च्या सहकारी संस्था कायद्यात कमिटी बरखास्त करण्याच्या कलमात, ७८ ए मध्ये, हरकती मांडायला नोटीस मिळाल्यापासून पंधरा दिवस दिले आहेत आणि संस्था सहकारी संस्थांच्या ज्या संघाशी संलग्न आहे त्याचा सल्ला घ्यायला सांगितलं आहे. आदेश पटला नाही तर कलम १५२ खाली दोन महिन्यांत अपील आहे.

आणि श्रोतेहो, एक गोष्ट आपल्या आपल्यातली. कमिटीवर नोटीस आली की आपण न्याय मागतो, पण सभेत प्रश्न विचारणाऱ्या सभासदाला काढून टाकायची भाषा आपणच करतो. त्याच सहकार कायद्याच्या कलम ३५ प्रमाणे सभासदाला काढायला सभेत हजर असलेल्यांचं तीन चतुर्थांश मत लागतं, त्याला सर्वसाधारण सभेपुढे बोलू द्यावं लागतं, आणि निबंधकांनी, म्हणजे सहकार खात्याच्या रजिस्ट्रारनी, मान्यता दिल्याशिवाय तो ठराव लागू होत नाही. जो हक्क कमिटीला निबंधकांपुढे हवा, तोच त्या एकट्या सभासदाला सभेपुढे आहे.

तर उद्या तुमच्या संस्थेत पाकीट आलं, तर घाबरून लगेच खुलासा लिहायला बसू नका. आवक रजिस्टरला तारीख घाला. पाकीट फाडून टाकू नका, नोटिशीलाच टाचून ठेवा, कारण मुदत मिळालेल्या तारखेपासून मोजायची आहे आणि पोस्टाचा शिक्का पाकिटावर असतो. तक्रारीची प्रत जोडलेली नसेल तर पहिलं पत्र तेवढंच लिहा: प्रत द्यावी, म्हणजे उत्तर देता येईल. त्या पत्राची पोच घ्या. आमच्या वाचनालयात आम्हाला हे कुणी सांगितलं नव्हतं.

नमस्कार.