आप्पासाहेबांना किती रडवायचं?

नमस्कार मंडळी,

स्वगतांचा कार्यक्रम ठरला की 'नटसम्राट' नाटकातले आप्पासाहेब बेलवलकर हमखास येतात, आणि बहुतेकदा पहिल्याच वाक्याला रडत येतात. मला आज त्याबद्दलच बोलायचं आहे.

शिरवाडकरांचं 'नटसम्राट' गोवा हिंदू असोसिएशनने २३ डिसेंबर १९७० रोजी रंगभूमीवर आणलं. दिग्दर्शन पुरुषोत्तम दारव्हेकरांचं, आप्पासाहेब डॉ. श्रीराम लागू. पुढे दत्ता भट, सतीश दुभाषी, यशवंत दत्त अशा ताकदीच्या नटांनी ही भूमिका पेलली. नाटकामागे शेक्सपिअरच्या 'किंग लिअर'ची सावली आहे, हे आपण जाणतोच. पण लिअर राजा होता; आप्पासाहेब आयुष्यभर राजे रंगवत आलेला माणूस. म्हणून ही भूमिका करणाऱ्या प्रत्येकाला ठरवावं लागतं, की सगळं मुलांना देऊन घर सुटल्यावर या म्हाताऱ्यात नट किती उरला आणि बाप किती.

लागूंच्या प्रयोगाचं चित्रीकरण जरूर पाहा. त्यांचा आप्पा घर मागतानासुद्धा नट असतो. शब्द शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची सवय सुटलेली नसते, मान ताठ असते. याचकाच्या तोंडी बादशहाचा आवाज ऐकला की पोटात तुटतं. संहिताही तेच सांगते. तिथे तो स्वतःला बिचारा म्हातारा म्हणवत नाही, तुफान म्हणवतो! बायकोला 'सरकार' म्हणतानाही सुरुवातीला त्यात थट्टा आणि रुबाब असतो. पुढे तीच हाक आधार शोधू लागते. हे नुसत्या आवाजावर साधायचं, म्हणजे किती तयारी हवी.

२०१६च्या महेश मांजरेकरांच्या चित्रपटात नाना पाटेकरांनी वेगळी वाट धरली. त्यांचा आप्पा तापट, शिवराळ, आधी माणूस आणि मग नट. कॅमेरा डोळ्यांपर्यंत जातो, त्यामुळे पुटपुटलेलंही पोचतं. विक्रम गोखल्यांच्या रामभाऊंसोबतचे, म्हणजे आप्पांच्या नटमित्रासोबतचे, त्यांचे प्रसंग मला फार आवडतात. तरी रंगमंचावर मला लागूंचीच वाट पटते, कारण तिथे आप्पासाहेबांची घमेंडही दिसते. मुलगा-सून, लेक-जावई नुसते खलनायक ठरत नाहीत. या माणसाबरोबर एका छताखाली राहणं अवघड होतं, हेही कळतं.

यंदा जे आप्पासाहेबांचं घर मागण्याचं स्वगत करणार आहेत, त्यांना माझी कळकळीची विनंती आहे. तालमीत आधी पहिल्या अंकातलं सत्काराचं भाषण मोठ्याने म्हणा, सगळा थाट अंगात मुरू द्या. मगच फुटपाथवर या, आणि डोळ्यांतलं पाणी शक्य तितकं लांबवा.